द्वारकाक्कांचा रविवारचा भोपळा

दर रविवारी सकाळी द्वारकाक्का कडेवर लाल भोपळा घेऊन तांबट आळीच्या तोंडाशी उभ्या राहत. डोक्यावर नाही, पिशवीत नाही, टोपलीत नाही, चक्क कडेवर. तान्हं मूल घ्यावं तसा एक हात त्याच्या बुडाखाली आणि दुसरा पाठीवर. सिन्नरहून बदली होऊन मी नाशकात नवं बिऱ्हाड थाटलं, तेव्हा पहिल्याच रविवारी गॅलरीतून हे दृश्य पाहिलं आणि बायकोला म्हणालो, "बिचारी, डोक्यावर परिणाम झालेला दिसतो." तेवढ्यात त्या बाईंनी वर पाहिलं आणि मलाच विचारलं, "नवे मास्तर ना तुम्ही? जन्म कुठला?"

"सिन्नरचा," मी म्हणालो.

"मग राहू द्या," असं म्हणून त्यांनी माझ्यावरची नजर काढून घेतली आणि आळीत हाक मारली, "रघू, ए रघू, ये रे बाबा. भोपळा आलाय."

जन्मगाव सांगताच माणूस बाद व्हावा हा अनुभव मला नवा होता. पुढे उलगडा झाला. आक्का नर्स होत्या. जगातल्या माणसांचे त्यांनी सरळ दोन भाग केले होते: आपल्या हातांवर जन्मलेली आणि बाकीची. बाकीच्यांशी त्या सभ्यपणे वागत, पण त्यात जीव नसे. आपल्या हातांवर जन्मलेल्यांना मात्र त्या कुठेही, कितीही माणसांसमोर, हवं ते बोलत.

म्युनिसिपालिटीचे एक मेंबर आमच्या आळीत राहत. गळाबंद कोट, चांदीच्या मुठीची काठी, मागे दोन माणसं. गटारीच्या प्रश्नावर ते एकदा चौकात तावातावाने बोलत होते. आक्का गर्दीतून वाट काढत पुढे आल्या आणि म्हणाल्या, "हळू बोल. जन्मलास तेव्हाही असाच ओरडत होतास, आणि पायाळू म्हणून आधी पाय बाहेर. डोकं तुझं नेहमीच मागून येतं." मेंबरांनी भाषण आवरतं घेतलं. गटारीचं काम पुढल्या महिन्यात झालं, ते भाषणामुळे की आक्कांमुळे, हे ज्याने त्याने ठरवावं.

आक्कांचं कपाळ फार लहानपणी पांढरं झालं होतं. पण त्यांचा थोरला भाऊ शहाणा निघाला. त्याने बहिणीला घरात कोंडून न ठेवता पुण्याला धाडून नर्सचं शिक्षण दिलं. मग काही वर्षं त्या देवळाली कॅम्पात एका गोऱ्या डॉक्टरीणबाईंच्या हाताखाली होत्या. तिथून त्या तीन गोष्टी घेऊन आल्या. एक, हात धुण्याचं वेड. दुसरी, 'केस' हा शब्द. आणि तिसरी, भोपळ्याचं पुडिंग.

'केस' हा शब्द त्यांना सगळ्याला चाले. बाळंतीण ही केस, बाळ ही केस, आंबलेलं दही ही बिघडलेली केस. आणि प्रत्येक केस संपायची. बाळाचं बारसं जवळ आलं की त्या घरी आक्कांचं पाऊल पुन्हा पडत नसे. "केस संपली, नर्सने निघावं," हा त्यांचा नियम. कुणी रस्त्यात थांबवून घरी बोलावलं तर म्हणत, "कशाला? कोणी आजारी आहे का?" नियम कडक आहे म्हणून मी एकदा त्यांचं कौतुक केलं, तेव्हा आमची ही म्हणाली, "तुम्हाला कसं कळत नाही? बारशाला पाळण्याशी विधवेला कोण उभं करणार आहे? लोकांनी न बोलावण्याआधी त्या आपणच निघून जातात." ते ऐकून मी त्या नियमाचं कौतुक करणं बंद केलं.

नाही तर बाई कुणाला भिणारी नव्हती. पायांत चपला, डोक्यावर स्वतःचे पांढरे केस, हातात छत्री, चातुर्मासात कांद्याची भजी. ग्रहणात आळीतल्या सगळ्या गरोदर बायका अंधारात बसलेल्या असताना ही खुशाल विळीवर भाजी चिरायची. आमच्या समोर राहणाऱ्या विनायकभटांनी त्यांना एकदा शास्त्र सांगायचा प्रयत्न केला. आक्का म्हणाल्या, "तुमच्या शास्त्राला विचारण्यापेक्षा तुमच्या नाकाला विचारा. तीन दिवस झाले, तुमच्या न्हाणीला वास येतोय."

'नाकाला विचारा' हे त्यांचं पालुपद होतं. दूध नासलं का, ताप उतरतोय का, समोरचा खोटं बोलतोय का, सगळ्याला उत्तर एकच.

आणि अशा या बाईने एकच रूढी मानावी, ती कोणती? तर अख्ख्या भोपळ्याला बाईने पहिली सुरी लावायची नाही. आपल्याकडे हे घरोघरी चालतं, त्यात नवल नाही. भोपळा म्हणजे थोरला मुलगा, त्याच्यावर आईने शस्त्र धरू नये. घरातल्या पुरुषाने पहिला घाव घालावा, मग बायकांनी हव्या तेवढ्या फोडी कराव्यात. पण द्वारकाक्कांनी हे मानावं, याचा मला फार राग येई. मी त्या काळात सुधारक होतो. वाचनालयात माझी भाषणं होत, आणि समोर श्रोते नसले तरी मी ती पूर्ण करत असे.

"आक्का, तुम्ही शिकलेल्या," मी म्हणायचो, "तुम्ही हे कसं काय पाळता?"

"उगाच विषाची परीक्षा कशाला पाहायची?" असं एकदा म्हणाल्या. एकदा म्हणाल्या, "माझ्या मनगटात कुठे जोर राहिलाय?" हे म्हणताना त्यांच्या दोन्ही हातांत गोदावरीच्या पाण्याने भरलेल्या कळश्या होत्या. तिसऱ्या वेळी म्हणाल्या, "मास्तर, तुमची शाळा उघडली की नाही अजून?"

शिवाय पहिला घाव घालायला कोणीही पुरुष चालत नसे. रघूच लागे.

रघू हा आमच्या आळीतल्या तांबटांचा धाकटा मुलगा. वय विशी ओलांडलेलं, उंच, देखणा, अबोल. आईबाप गेलेले, कारखाना त्याचा थोरला भाऊ गोविंदा चालवायचा. उजाडल्यापासून त्या घरात तांब्यावर हातोड्या पडत. आम्ही नवीन होतो तेव्हा त्या आवाजाने माझं डोकं उठे, पुढे आवाज थांबला की जाग येऊ लागली. त्या घरातली सगळी माणसं ऐरणीवर बसत, एकटा रघू सोडून. त्याचा उजवा हात जन्मापासून अधू होता. खांद्यातून उचलायचा म्हटलं की थरथरे, आणि अर्ध्यावरूनच खाली येई. तो पुढच्या दुकानात बसून घरच्यांनी घडवलेल्या घागरी चिंच लावून डाव्या हाताने घासायचा. आळी त्याला 'लुळा रघू' म्हणे. आक्कांच्या समोर मात्र एकदाच म्हणाली. ज्याने म्हटलं त्याच्या जन्माची हकिकत आक्कांनी पाणवठ्यावर अशी काही रंगवून सांगितली की पुन्हा कुणाची छाती झाली नाही.

रघू एकदा मला म्हणाला होता, "मास्तर, मी डोळे मिटून सांगतो कोणती हातोडी कोणाची ते. दादाची जड पडते, काकाची दोनदा वाजते. सगळ्यांची ऐकू येते. माझीच तेवढी नाही." आणि लगेच घागर घासायला लागला. मला त्या पोराचं फार वाईट वाटलं.

तर रविवारी काय व्हायचं ते सांगतो. आक्कांच्या ओट्यावर पाट मांडलेला. त्यावर भोपळा. आळीतले पुरुष सुट्टीचे, म्हणून आजूबाजूला सहज म्हणून जमलेले. गोविंदासुद्धा हात पुसत डोकावून जायचा. आक्का रघूच्या उजव्या हातात कोयता देत आणि बजावत, "डावा हात मांडीवर. हे शुभकार्य आहे, डावा चालायचा नाही." रघू कोयता उचले. हात थरथरे. सगळे श्वास रोखून बघत. कोयता कसाबसा खाली येई, आणि खट्ट, भोपळ्याची दोन भकलं दोन बाजूंना.

"देवीचा कौल आहे," विनायकभट म्हणत. "हाताला गुण आहे पोराच्या," मेंबर म्हणत. मलाही नवल वाटे. मी स्वतः घरी एकदा भोपळ्यावर कोयता चालवला होता, तो त्यात रुतून बसला आणि शेजारच्यांना बोलवावं लागलं होतं.

मग पुढचा सगळा कार्यक्रम आक्कांचा. भोपळा किसायचा, तुपावर परतायचा, गूळ, भाजलेला रवा, घट्ट दूध घालायचं. सुंठ, लवंग, दालचिनी खलबत्त्यात कुटायची, जायफळ अगदी शेवटी. गोविंदाच्या कारखान्यात आक्कांनी खास एक तांब्याचं पातेलं करून घेतलं होतं, आतून दुहेरी कल्हईचं. त्याच्या झाकणाला उभी कड होती, म्हणजे वर निखारे ठेवता येत. खाली शेगडी, वर निखारे, आणि बाजूला स्टुलावर आक्का, डोळे मिटून.

"घड्याळ बघा की," मी म्हणायचो.

"घड्याळाला काय कळतंय? नाकाला विचारा. आधी भोपळ्याचा वास येईल, मग गुळाचा. जायफळाचा आला की निखारे काढायचे. त्याच्या आधी नाही, नंतर नाही." आणि खरंच, त्या एकदम डोळे उघडून चिमट्याने निखारे खाली ओढत. झाकण निघालं की वर काळपट तांबूस साय धरलेली असे, कडेला गूळ करपून कुरकुरीत झालेला, आणि आत सुरी घातली तर मऊ, ओलं, वाफाळलेलं केशरी पुडिंग. ते गरम खाऊ नये असा आक्कांचा हुकूम असे. तो कुणी पाळत नसे.

या पुडिंगात अंडं असतं अशी विनायकभटांना शंका होती. ती वाजवीच होती, कारण कॅम्पातल्या डॉक्टरीणबाई अंडं घालायच्या. आक्का आमच्यासाठी आंबट दही आणि चिमूटभर सोडा घालत, पण हे त्या भटजींना सांगत नसत. "अंडं आहे का हो यात?" ते लांबून विचारत. "खाऊन सांगा," आक्का म्हणत. असे कित्येक रविवार भटजी आपल्या ओट्यावर बसून नुसता वास घेत राहिले. शेवटी एका पावसाळ्यात त्यांना खोकला झाला. आक्कांनी वाटी नेऊन पुढ्यात ठेवली, म्हणाल्या, "सुंठ आणि लवंग आहे. औषध म्हणून घ्या." भटजींनी डोळे मिटून औषध घेतलं. तो खोकला त्यांना पुढे दर रविवारी होऊ लागला.

पहिली वाटी मात्र रघूची. भरलेली, कुरकुरीत कडेची. तो ओट्यावर बसून खाई आणि आक्का त्याच्याशी बोलत राहत. आठवडाभराचं साठलेलं, अखंड. कोणत्या घरी मुलगी झाली, कोणाच्या सुनेचे पाय सुजलेत, देवळालीच्या बाईंची कुत्री काय करायची. रघू हूं हूं म्हणे. हे ऐकायला दुसरं कुणी थांबत नसे, आम्ही वाट्या घेऊन घरी पळत असू.

आणि मग एका रविवारी मला ते दिसलं. आमच्या हिच्या पोटात रात्रभर कळ येत होती, म्हणून मी सकाळी लवकर आक्कांकडे गेलो. दार लोटलेलं होतं. फटीतून पाहतो तर आक्का उकिडव्या बसलेल्या, पदर खोचलेला, हातात कोयता, आणि पुढ्यात अख्खा भोपळा. माझ्या डोळ्यांदेखत त्यांनी त्याच्या खाचेतून कोयता अशा सफाईने फिरवला की लोण्यातून सुरी जावी. देठापाशी थोडं तेवढं राहू दिलं. मग दोन्ही भकलं दाबून बसवली, खाचेत कणकेची खळ भरली, वरून चुलीतली चिमूटभर राख चोळली. जुळलेला भोपळा लांब धरून पाहिला आणि समाधानाने मान हलवली.

मी पावलं न वाजवता मागे आलो. मनगटात जोर नाही म्हणणारी ही बाई! एकच रूढी पाळते म्हणून मी जिला बोल लावत होतो, तिने तीसुद्धा कधीची मोडलेली होती. भोपळ्याला पहिली सुरी दर रविवारी तीच लावत होती, ती अशासाठी की अधू हाताच्या पोराने साऱ्या आळीदेखत भोपळा फोडावा.

घरी येऊन हिला सांगितलं. ती कळ विसरून हसायला लागली. "तुम्हाला आज कळलं होय? अहो, चिरलेल्या भोपळ्याला कडेने चीक सुटतो. आळीतल्या प्रत्येक बाईला पहिल्याच दिवशी समजलंय. देवीचा कौल वगैरे तुम्हा पुरुषांना दिसतो."

"मग कोणी बोललं कसं नाही?"

"बोलायचं काय त्यात?" ती म्हणाली.

तेव्हापासून मी नीट बघू लागलो. माझ्या ध्यानात आलं की आक्का हळूहळू चीर कमी करत चालल्या आहेत. उन्हाळ्यात जो भोपळा नुसता टेकवताच उघडे, त्याला श्रावणात दोन घाव लागायला लागले. रघूच्या कपाळावर घाम दिसू लागला. "जेवला नाहीस का रे?" आक्का खेकसत, "उचल वर, खांद्यातून उचल." मधल्या दिवसांत तो संध्याकाळी त्यांच्याकडे विहिरीचं पाणी ओढायला जाई, तेही उजव्या हाताने. पोराचा हात आता पूर्वीपेक्षा बराच वर जात होता. पण किती, हे त्यालाही ठाऊक नव्हतं आणि आक्कांनाही नाही.

भाद्रपदात गोविंदाने एक ठरवलं. मालेगावच्या एका भांडीवाल्याला दुकानात बसायला विश्वासाचा माणूस हवा होता. "दसरा झाला की रघूला तिकडे पाठवतो," तो म्हणाला. "इथे ऐरणीवर बसणं त्याला जमायचं नाही. तिथे निदान पोटाला लागेल." गोविंदा वाईट माणूस नव्हता, धाकट्याची काळजी करूनच बोलत होता. पण रघूचा चेहरा उतरला. आक्का हे ऐकून सरळ कारखान्यात शिरल्या आणि गोविंदाला म्हणाल्या, "दर रविवारी भोपळा कोण फोडतो? तू?"

गोविंदाने मान खाजवली. "ते खरं आहे आक्का. बरं, मग असं करू. खंडेनवमीला हत्यारांपुढे कोहळा मी फोडतो ना, यंदा रघूला फोडू दे. फुटला, तर बसला तो ऐरणीवर. नाही फुटला, तर मालेगाव."

आक्का तोंडघशी पडल्या. कोहळा कारखान्यात, पूजेचा. मांडलेल्या पूजेपाशी विधवेला कोण जाऊ देणार? आणि कोहळ्याची साल भोपळ्याहून निब्बर.

खंडेनवमीच्या आदल्या दुपारी आक्का आमच्या घरी आल्या. कोणी आजारी नसताना. मी खुर्ची पुढे केली, त्या बसल्या नाहीत.

"मास्तर, तुम्ही सुधारक ना? मग एक सुधारणा करा. त्या कोहळ्याला आधी चीर द्या. जेवायच्या वेळी कारखान्यात कोणी नसतं."

"आक्का, पूजेचा कोहळा..."

"तो हात मी घालवलाय," त्या म्हणाल्या. आवाज नेहमीसारखाच करडा होता, पण दाराची कडी त्यांनी घट्ट धरली होती. "डोकं आलं होतं, खांदा अडकला. ओढलं नसतं तर मायलेकरं दोन्ही गेली असती. ओढलं, दोघं जगली, हात गेला. योग्यच केलं मी. पुन्हा वेळ आली तर पुन्हा तेच करीन. पण त्याला भांडी पुसताना बघते ना, तेव्हा हे योग्यबिग्य काही आठवत नाही."

मी भाजीची सुरी कोटाच्या आत लपवली, उन्हात छत्री उघडली आणि चोरासारखा कारखान्यात शिरलो. ऐरणी धुऊन ठेवल्या होत्या, हातोड्या ओळीने मांडल्या होत्या, आणि कोपऱ्यात पाटावर कोहळा होता. त्याच्या शेजारी रघू बसला होता.

"आक्कांनी पाठवलं ना?" तो म्हणाला.

मी सुरी लपवायला गेलो आणि छत्री पाडली.

"राहू द्या, मास्तर. कापू नका. मी तांबटाचा पोरगा आहे. दोन तुकडे जोडलेले कुठे आहेत, ते मला दिसत नाही होय? पहिल्याच रविवारी दिसलं."

"मग इतके दिवस..."

रघूने कोहळ्यावरची धूळ हाताने पुसली. "पहिल्यांदा राग आला. म्हटलं, पुढच्या वेळी जायचं नाही. पण त्या दिवशी पुडिंग खाताना आक्का इतकं बोलल्या, इतकं बोलल्या. मग कळलं की रविवार सोडला तर त्यांच्याशी कोणी बोलतच नाही. काम असलं की बोलावतात, काम झालं की विसरतात. म्हणून जात राहिलो. हाताचं मग आपोआप झालं." मग म्हणाला, "त्यांना सांगा, कापलाय म्हणून. नाही तर रात्रभर झोपायच्या नाहीत."

मी आक्कांना सांगितलं, कापला. आयुष्यात इतकं खोटं मी इतक्या सरळ चेहऱ्याने कधी बोललो नव्हतो. त्यांनी नाकाला काही विचारलं नाही, नुसतं "बरं झालं" म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी कारखान्यात पाय ठेवायला जागा नव्हती. आक्का समोरच्या भिंतीला टेकून बाहेर उभ्या होत्या. झेंडूच्या माळा, हळदकुंकू, उदबत्त्या. गोविंदाने कोयता रघूच्या हातात दिला. रघूने डावा हात मांडीवर ठेवला, कोणी सांगितलं नव्हतं तरी. हात वर गेला, थरथरला, खाली आला. कोयता कोहळ्यात रुतला आणि अडकला. कोणीतरी च्च केलं. गोविंदा पुढे झाला, पण रघूने मान हलवून त्याला थांबवलं, दात खाऊन कोहळ्यासकट कोयता उचलला आणि ऐरणीच्या दगडी पायावर आपटला. कोहळा दुभंगला. पाणी, बिया सगळ्यांच्या अंगावर उडाल्या. गोविंदाने भावाला मिठी मारली आणि विनायकभट मंत्र विसरले.

मी बाहेर धावलो. "आक्का, मी कोहळा कापलेला नव्हता."

"अजिबात नाही?"

"टोचलासुद्धा नाही."

"डावा हात लावला का त्याने?"

"नाही."

आक्कांनी पदराने तोंड पुसलं. डोळे पुसले म्हणावं तर त्यांनी ते मला बघू दिलं नाही. "केस संपली म्हणायची," त्या म्हणाल्या आणि छत्री उघडून घरी गेल्या.

पुढच्या रविवारी आळीच्या तोंडाशी कोणी उभं नव्हतं. मी गॅलरीत होतो. मेंबर उगाच दोनदा चौकात येऊन गेले, विनायकभट ओट्यावर बसून खोकत होते. आक्का दारात बसून तांदूळ निवडत होत्या, मान खाली. नियम म्हणजे नियम. मला वाटलं, खाली जाऊन दोन गोष्टी बोलाव्यात. पण काय बोलायचं, कोणी आजारी आहे का असं त्यांनी विचारलं तर?

कारखान्यात हातोड्या वाजत होत्या. त्यात एक नवी होती, चुकतमाकत पडणारी, थांबून थांबून वाजणारी. ऊन बरंच वर आलं तेव्हा ती एकटीच बंद झाली. थोड्या वेळाने रघू आळीतून आला आणि आक्कांच्या समोर उभा राहिला.

"काय रे?"

"आक्का, हात दुखतोय."

"कुठे?"

त्याने खांद्याकडे बोट दाखवलं. आक्कांनी तांदूळ बाजूला ठेवले, हात धुतले, त्याला ओट्यावर बसवलं. बोटं एकेक वाकवली, कोपर दाबलं, हात धरून सावकाश वर नेला. तो मी आजवर कधी पाहिला नव्हता इतका वर गेला, आणि रघूच्या तोंडावरची रेषासुद्धा हलली नाही. दुखत असलेल्या माणसाला असं जमत नाही. हे मला गॅलरीतून कळलं, मग त्या तर नर्स होत्या. तो हात त्यांनी बराच वेळ तसाच धरून ठेवला. आता या खोट्याबद्दल पोराची खरडपट्टी निघते, असं मला वाटलं.

आक्कांनी त्याची बाही खाली ओढली. "जुनं दुखणं आहे," त्या म्हणाल्या. "एवढ्यात बरं होण्यातलं नाही. वर्षानुवर्षं चालतं असं. दर रविवारी येऊन दाखवून जावं लागेल."

"येईन," रघू म्हणाला.

"मग तोवर शेगडी पेटव," असं म्हणून आक्कांनी पायांत चपला घातल्या आणि बाजाराकडे निघाल्या. त्या रविवारी त्यांनी घरात भोपळाच आणून ठेवला नव्हता.